निम्म्या भिंतीची जप्ती

पेंटरच्या अक्षराला तोड नव्हती, आणि हे सगळ्यांत आधी पेंटरच सांगायचा. चाळीस वर्षं त्याने दुकानांच्या, दवाखान्यांच्या आणि शाळांच्या पाट्या हाताने रंगवल्या. ‘येथे गाड्या लावू नयेत’ असं त्याने लिहिलं, की लोक गाडी थांबवून ते कौतुकाने वाचायचे आणि मग गाडी तिथेच लावून जायचे. पेंटरला त्याचं काही वाटत नसे. वाचलं ना, झालं तर मग. रस्त्याने जाताना तो माणसांच्या तोंडाकडे बघायचाच नाही, पाट्यांकडे बघायचा. त्यामुळे सख्खा साडू समोरून आला तरी ओळख न देणारा शिष्ट माणूस म्हणून त्याचं नाव नातेवाइकांत खराब झालं होतं. तो शिष्ट होता हे खरंच, पण साडूशी नव्हता. तो फक्त वाकड्या अक्षरांशी शिष्ट होता.

घर वडिलांनी बांधलेलं. बैठं, लांबलचक, रस्त्याच्या कडेला. कागदावर दोघा भावांची नावं, निम्मं निम्मं. वाटणी कधी झाली नाही, कारण तिची कधी गरजच पडली नाही. उजवीकडच्या दोन खोल्यांत पेंटर आणि त्याची बायको राहायची, डावीकडच्या दोन खोल्यांत धाकटा. धाकट्याने लग्न केलं नव्हतं. त्याऐवजी त्याने मशीन आणलं.

फ्लेक्स छापायचं मशीन होतं ते, कर्ज काढून घेतलेलं. डाव्या बाजूच्या पुढच्या खोलीत ते बसवलं आणि सकाळपासून त्याची घरघर भिंतीतून पेंटरच्या कानात शिरू लागली. महिन्याभरात अशी वेळ आली, की पेंटरकडे पाटी करायला येणारी माणसं त्याच दारातून आत शिरायची आणि उजवीकडे वळायच्या ऐवजी डावीकडे वळायची. आपलेच दात आणि आपलेच ओठ, बोलणार कुणाला. पेंटर म्हणायचा, “मशीनला वेलांटी कळत नाही.” ते खरंच होतं. पण म्हणून गिऱ्हाईक थांबत नव्हतं.

गंमत अशी, की चुकीचं लिहिलेलं पेंटरला बघवायचं नाही. धाकट्याचा फ्लेक्स छापायला जायच्या आधी तो न बोलवता जाऊन मजकूर तपासून द्यायचा. म्हणजे ज्या मशीनने त्याच्या पोटावर पाय दिला, त्या मशीनची हमाली तो फुकटात करत होता. बायको म्हणायची, “अति शहाणा, त्याचा बैल रिकामा.” या बायकोला सगळी आळी पेंटरीणबाई म्हणायची. घरात नवरा कलावंत होता, म्हणून शहाणपणाचं खातं तिच्याकडे होतं.

मग दुसऱ्यांनी मोठी मशिनं आणली आणि धाकट्याच्या मशीनवर तीच पाळी आली. हप्ते थकले. कर्ज देणाऱ्यांनी मशीन उचलून नेऊन विकलं, तरी कर्जाचा मोठा तुकडा उरलाच. त्या कर्जासाठी धाकट्याने घरातला आपला हिस्सा लिहून दिला होता, हे पेंटरला ठाऊक नव्हतं. गेले आठ महिने धाकटा दादासमोर यायचं टाळत होता. पेंटर चहाला बसला की तो बाहेर पडायचा, पेंटर बाहेर पडला की तो आत यायचा. बैठ्या घरात हे जमवणं सोपं नाही. त्याने ते निगुतीने जमवलं होतं.

आता दिव्याखालचा अंधार बघा. पेंटरच्या हाताला राहिलेलं एकच कायमचं काम होतं, आणि ते होतं कर्ज देणाऱ्या त्याच संस्थेच्या वसुली कचेरीचं. जप्त केलेल्या घराच्या दर्शनी भिंतीवर तसं लिहावं लागतं. फ्लेक्स लावला तर घरचेच फाडून टाकतात. म्हणून कचेरीचा नियम होता: लाल ऑइलपेंट, हाताने रंगवलेलं, अक्षर चार इंचांच्या खाली नको. पेंटर ते इतक्या निगुतीने रंगवायचा, की एका घरमालकाने कर्ज फेडल्यावर मजकूर पुसायला नकार दिला होता. फक्त ‘जप्त’ पुसून द्या म्हणाला, बाकीचं चांगलं दिसतंय.

तर एके दिवशी कचेरीतल्या कारकुनाने त्याच्या हातात चिठ्ठी दिली. घर नंबर आणि मजकूर. पेंटर चिठ्ठीतला मजकूर भिंतीपाशी पोहोचल्यावरच वाचायचा, आधी वाचलं की हात गरम राहत नाही असं त्याचं म्हणणं. सकाळी शिडी, डबे आणि दोऱ्याची गुंडी घेऊन तो निघाला, आळी आपलीच होती, म्हणून कोपऱ्यावरच थांबून त्याने नंबर वाचला आणि आळीतून घरं मोजत चालू लागला. या टोकापासून त्या टोकापर्यंत गेला, परत आला. नंबर सापडेना. जगाच्या दारावर नंबर रंगवणाऱ्या माणसाने स्वतःच्या दारावर कधी रंगवला नव्हता.

पेंटरीणबाई दारात उभी राहून हा तमाशा बघत होती. “काय शोधताय?”

पेंटरने नंबर सांगितला.

“तो आपला,” ती म्हणाली.

पेंटरने चिठ्ठीतला मजकूर वाचला. ‘ही मिळकत थकीत कर्जापोटी जप्त करण्यात आली आहे. कोणीही खरेदी-विक्रीचा व्यवहार करू नये.’ अक्षर कारकुनाचं होतं, गचाळ, पण अर्थ स्वच्छ होता. त्याने शिडी भिंतीला टेकवली आणि धाकट्याला हाक मारली. हाक अशी होती, की धाकट्याला आठ महिन्यांची कसरत सोडून बाहेर यावंच लागलं.

“दादा, मी माझाच हिस्सा लिहून दिला होता,” तो भिंतीकडे बघत म्हणाला. “तुझं नाव कुठेच नाहीये. त्यांनी अख्खं घर कसं लिहिलं मला माहीत नाही.”

“मला सांगितलं का नाहीस?”

“तू काय म्हणाला असतास?”

पेंटर काय म्हणाला असता हे तिघांनाही माहीत होतं. पेंटरने दोरा काढला, पेंटरीणबाईच्या हातात एक टोक दिलं आणि भिंतीची लांबी मोजली. मग बरोब्बर मध्यावर, छपरापासून जोत्यापर्यंत, त्याने निळीत भिजवलेला दोरा ताणून सूत मारलं. एक उभी निळी रेघ उमटली.

“हे काय?” बायकोने विचारलं.

“डावं त्याचं, उजवं आपलं. जप्ती डाव्या बाजूला रंगवतो. उजव्याला कोण हात लावतो बघू.”

“पण तुम्ही रंगवता कशाला? परत द्या चिठ्ठी.”

“मी नाही केलं तर ते दुसऱ्याला पाठवतील,” पेंटर म्हणाला. “त्याचा र बघितलायस का? मोडक्या खुर्चीसारखा असतो. माझ्या वडिलांच्या भिंतीवर?”

पेंटरने रंगवायला घेतलं. निम्मीच भिंत, त्यात मधे दार, त्यामुळे अक्षरं दाटीवाटीने बसवावी लागली, पण दुपारपर्यंत मजकूर असा उतरला, की जाणारे-येणारे थांबून वाचू लागले. संध्याकाळी कचेरीत जाऊन त्याने कामाच्या पावतीवर सही केली. ‘मजकूर रंगवला’ या छापील ओळीपुढे त्याने आपल्या वळणदार अक्षरात दोन शब्द जास्तीचे घातले: ‘डाव्या बाजूस.’ आपण मोठी हुशारी केली असं त्याला रात्रभर वाटत राहिलं.

तीन दिवसांनी नोटीस आली. महिनाभरात घराचा ताबा घेणार. अख्ख्या घराचा. पेंटरने नोटिशीतल्या अक्षरांना नावं ठेवली, पण ती त्याने चारदा वाचली हे बायकोने पाहिलं. त्याच्याजवळ हे घर सोडून दुसरं काहीच नव्हतं. साठीनंतर शिडी खांद्यावर घेऊन भाड्याची खोली शोधत फिरायचं, या विचाराने त्याचं जेवण तुटलं. पेंटरीणबाई त्याला वकीलबाईंकडे घेऊन गेली. सायकलच्या दुकानावर माडीवर त्यांची कचेरी होती. पाटी मशीनवर छापलेली, म्हणून पेंटर जिन्यातच कुरकुरला.

वकीलबाई वयाने लहान होत्या, पण प्रश्न नेमके विचारायच्या. कर्जाच्या कागदावर सही होती का? नव्हती. जामीन होता का? नव्हता. घराच्या कागदावर दोघांची नावं आहेत? आहेत, निम्मं निम्मं. “मग काळजी नाही,” त्या म्हणाल्या. “भावाच्या कर्जापोटी भावाचाच हिस्सा जप्त होईल. तुमचा सोडवून घेऊ. लेखी हरकत घ्यायची, एवढंच.” मग पेंटरने अभिमानाने आपल्या रेघेची हकिकत सांगितली, आणि घोडं तिथे पेंड खाऊ लागलं.

वकीलबाईंनी पेन खाली ठेवलं. “काका, दार कुठल्या बाजूला आहे?”

“डाव्या.”

“बोळ? नळ?”

पेंटरीणबाईने उत्तर दिलं, “डाव्या बाजूला. संडास-मोरीसुद्धा.”

“म्हणजे तुम्ही स्वतःच्या हाताने लिहून दिलंत, की दार, बोळ, नळ आणि मोरी भावाची. ते विकलं गेलं की घेणारा दाराला कुलूप लावणार. तुमच्या वाट्याला दोन खोल्या आणि एक खिडकी.”

“खिडकी मोठी आहे,” पेंटर म्हणाला.

पेंटरीणबाईने त्याच्याकडे असं बघितलं, की त्याने खिडकीचं नाव पुन्हा काढलं नाही. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते याला. वकीलबाईंनी समजावून सांगितलं, की वाटणी होत नाही तोवर डावं-उजवं काही नसतं. प्रत्येक विटेत निम्मा तो, निम्मा भाऊ. दारात निम्मा, नळात निम्मा, उंबऱ्यात निम्मा. असा अविभक्त हिस्सा विकत घेणारा आला, तरी त्याला कोर्टात वाटणी मागितल्याशिवाय पाऊल ठेवता येत नाही, आणि विकायचाच झाला तर पहिला हक्क घरातल्या भावाचा. तोच पेंटरचा खरा बचाव होता. आणि त्याच बचावावर त्याने निळी रेघ मारून ठेवली होती.

सुनावणी वसुली साहेबांच्या खोलीत झाली. साहेब वाईट माणूस नव्हता. टेबलावरच्या काचेखाली त्याने रजेचे अर्ज नीट रांगेत लावले होते, आणि कुणाचं घर विकतानाही आवाज चढवायचा नाही अशी त्याची शिस्त होती. वकीलबाईंनी हरकतीचा अर्ज वाचून दाखवला. साहेबाने मान डोलावली आणि फाइलमधून कामाची पावती काढली.

“‘डाव्या बाजूस.’ हे तुमचंच अक्षर?”

“दुसऱ्या कुणाचं असं येणार?” पेंटर म्हणाला. वकीलबाईंनी डोळे मिटून घेतले.

“मग भांडण कशाचं आहे?” साहेब समजुतीने म्हणाला. “अख्खं घर लिहिलं ही आमची चूक झाली, मान्य आहे. दुरुस्त करतो. तुमची आपसात वाटणी झालेलीच दिसते. डावं त्यांचं, उजवं तुमचं. आम्ही डावं विकतो, उजव्याला हात लावत नाही. तुम्हाला हवं होतं तेच झालं.”

पेंटरच्या तोंडचं पाणी पळालं. वकीलबाई ताडकन म्हणाल्या, की एका भावाने भिंतीवर रेघ मारली म्हणून वाटणी होत नाही, दोघांची संमती लागते. साहेबाने त्याचाही विचार केला. “बरोबर आहे. मग दुसऱ्या भावाला विचारू.” आणि त्याने कारकुनाला बाहेर पाठवलं, कारण धाकट्यालाही त्या दिवशीची तारीख होती आणि तो बाहेरच्या बाकावर, दादाकडे पाठ करून बसला होता.

धाकटा आत येऊन उभा राहिला. साहेबाने त्याला पावती दाखवली आणि सावकाश, एकेक शब्द सुटा करून सांगितलं. “नीट ऐका. ही वाटणी तुम्हाला मान्य आहे असं तुम्ही म्हणालात, तर डावी बाजू दारासकट तुमची धरू. रस्त्यावरची जागा आहे, दार-नळ आहे, चांगली किंमत येईल. कर्ज फिटेल, चार पैसे उरतीलसुद्धा. मान्य नाही म्हणालात, तर नुसता अविभक्त हिस्सा विकायला काढावा लागेल. तो कुणी घेत नाही, घेतला तर कवडीमोलाने. कर्ज तुमच्या डोक्यावर राहील. विचार करून बोला.”

पेंटरने भावाकडे पाहिलं. इतक्या वर्षांत धाकट्याच्या मशीनबद्दल तो जे जे बोलला होता, ते सगळं एकाच वेळी त्याला आठवलं. वेलांटी, घरघर, कागदी शहाणा. आपल्याबाबतीत कुणी असं बोललं असतं तर आपण मान्य आहे म्हणून मोकळे झालो असतो, हेही त्याला प्रामाणिकपणे वाटलं, आणि त्याला भीती वाटली.

“मान्य नाही,” धाकटा म्हणाला.

“का?”

“दादाने मला विचारलंच नाही, साहेब. तो कधीच कुणाला विचारत नाही. दोरा काढला आणि मारली रेघ.” धाकट्याने पहिल्यांदा मान वर केली. “दार दोघांचं आहे. वहिनी रोज त्याच दारातून पाणी भरते. ते मी माझ्या कर्जात घालणार नाही.”

साहेबाने पुन्हा एकदा विचारलं, नियमाप्रमाणे. धाकट्याने पुन्हा तेच सांगितलं. मग त्याचं म्हणणं लिहून घेतलं, त्यावर सही घेतली, आणि निकाल झाला: पेंटरचा हिस्सा जप्तीतून मोकळा. जप्ती फक्त धाकट्याच्या अविभक्त निम्म्या हिश्श्यावर. घर वाचलं. बाहेर आल्यावर पेंटरीणबाईने धाकट्याला विचारलं, “जेवलात का?” तो नाही म्हणाला. मग तिने नवऱ्याकडे न बघता दिराला बरोबर घेतलं आणि ती पुढे चालू लागली. पेंटर त्या दोघांच्या मागून चालत होता, आणि त्या दिवशी त्याने रस्त्यात एकही पाटी वाचली नाही.

आठवड्याने कारकुनाने नवी चिठ्ठी दिली. जुना मजकूर खरवडून नवा रंगवायचा. या वेळी चिठ्ठी पेंटरने कचेरीतच वाचली. हिस्सा एकट्याचा असल्यामुळे आता नुसतं ‘ही मिळकत’ लिहून भागणार नव्हतं. कर्जदाराचं पूर्ण नाव लिहायचं होतं, चार इंचांत, लाल रंगात, रस्त्याच्या बाजूला.

सकाळी पेंटर शिडीवर चढला तेव्हा धाकटा दारात आला. आता तो टाळत नव्हता.

“दादा, माझं नाव जरा बारीक लिहिता येईल का?”

“चार इंच,” पेंटर म्हणाला. “नियम आहे.”

धाकट्याने मान हलवली. पेंटरने अख्ख्या भिंतीवर, या टोकापासून त्या टोकापर्यंत, सूत मारलं आणि लिहायला घेतलं. ‘या मिळकतीतील अविभक्त निम्मा हिस्सा जप्त’, आणि पुढे भावाचं नाव. चाळीस वर्षांत त्याने शेकडो नावं रंगवली होती, पण हे नाव लिहायला त्याला इतर नावांच्या दुप्पट वेळ लागला. समोरच्या दुकानातली दोन माणसं बाहेर येऊन वाचत उभी राहिली. ओळ पूर्ण झाली. पेंटर खाली उतरला, लांब जाऊन त्याने ती पाहिली, आणि मग परत येऊन तिच्या खाली दुसरी आडवी रेघ मारली.

“आता हे काय?” पेंटरीणबाईने विचारलं. रेघेचा तिने धसका घेतला होता.

पेंटरने खालच्या ओळीत लिहिलं: ‘उरलेला निम्मा हिस्सा’, आणि पुढे स्वतःचं नाव. त्याच लाल रंगात, चार इंच, भावाच्या नावाच्या बरोबर खाली.

“अहो, जप्तीच्या पाटीवर आपणहून नाव घालताय? लोकांना वाटेल तुम्हीही बुडालात.”

“वाटू दे.”

दुपारी कारकून काम तपासायला आला. चिठ्ठी बघितली, भिंत बघितली, पुन्हा चिठ्ठी बघितली. “दुसरी ओळ यात नाही, पेंटर. तिचे पैसे मिळणार नाहीत.”

“मागितले कुणी?” पेंटर म्हणाला, आणि कारकून पावती देऊन निघून गेला.

धाकटा तेवढ्यात कुठूनसा परत आला आणि रस्त्यातच थांबला. त्याने पहिली ओळ वाचली, मग दुसरी वाचली. मग शिडीपाशी आला. “दादा, हे कुणी लिहायला सांगितलं तुला?”

“कुणी नाही.”

“मग?”

“तुझं एकट्याचं नाव तिथे मला बघवेना,” पेंटर म्हणाला. तो शिडी चढू लागला, कारण वरच्या ओळीतली एक वेलांटी त्याला अजून मनासारखी वाटत नव्हती. “उभा काय राहिलास,” तो वरून म्हणाला, “शिडी धर.”